निकाल लागला, वर्ष गेले

बारावीचे निकाल, सामायिक प्रवेश परीक्षांचे निकाल, गुणवत्ता याद्या, प्रवेशाच्या फेऱ्या आणि मग न्यायालय, हा महाराष्ट्रातील मध्यमवर्गीय घरांचा गेल्या दोन-अडीच दशकांतील पावसाळी क्रम होऊन बसला आहे. जूनमध्ये शासन एखादा नियम काढते, जुलैमध्ये कोणीतरी त्याला आव्हान देते, ऑगस्टमध्ये सुनावणी पुढे ढकलली जाते आणि दिवाळीची सुट्टी लागेपर्यंत पहिले सत्र संपलेले असते. पुढे केव्हातरी त्या याचिकेची पाळी येते, तेव्हा वकील उभे राहून सांगतात की, विद्यार्थ्याने दुसरीकडे प्रवेश घेतला आहे, आता या प्रकरणात काही उरलेले नाही. न्यायालय दोन ओळींचा आदेश करते : याचिका 'इन्फ्रक्चुअस', म्हणजे निष्फळ, झाल्याने निकाली काढण्यात येत आहे. कागदोपत्री प्रकरण निकाली निघते. प्रश्नाचा निकाल मात्र लागलेला नसतो.

ज्याने दाद मागितली त्याचे म्हणणे योग्य होते की अयोग्य, हे त्या दोन ओळींत कोठेही नसते. नियम कायद्याला धरून होता का, महाविद्यालयाने यादी डावलली होती का, पुढल्या वर्षी याच नियमाने प्रवेश होणार का, यांतल्या एकाही प्रश्नाला उत्तर मिळत नाही. एका मुलाचे वर्ष गेले ते गेलेच. पण पुढल्या जूनमध्ये दुसऱ्या घरातील मूल त्याच उंबरठ्यावर त्याच प्रश्नासह येऊन उभे राहते आणि सारे पहिल्यापासून सुरू होते.

प्रवेशाचा वाद इतर वादांसारखा नसतो, हे आपल्या न्यायव्यवस्थेच्या रचनेत पुरेसे उतरलेले नाही. शेतजमिनीचा दावा तीन पिढ्या चालला तरी जमीन जागच्या जागी असते. नोकरीच्या वादात उशिरा का होईना, मागील वेतन मिळते, सेवाज्येष्ठता मिळते. महाविद्यालयातील जागा ही नाशवंत वस्तू आहे. ठरावीक तारखेनंतर ती उरतच नाही. वैद्यकीय प्रवेशांच्या वेळापत्रकाबाबत तर सर्वोच्च न्यायालयानेच २००५ मध्ये कडक आदेश दिले आणि ३० सप्टेंबर ही अखेरची तारीख काटेकोरपणे पाळण्यास बजावले. त्यामागील हेतू चांगला होता. रिकाम्या जागा उशिरापर्यंत दडवून मागील दाराने भरण्याचा जो धंदा चालत असे, त्याला त्यामुळे काही प्रमाणात आळा बसला. मात्र ज्या संस्थेने अन्याय केला तिलाही या तारखेने एक हत्यार दिले. खटला जिंकण्याची तिला गरजच उरली नाही. तो अखेरच्या तारखेपर्यंत लांबवला की काम भागते.

हा पेच भारतापुरता नाही. त्याचे सर्वाधिक गाजलेले उदाहरण अमेरिकेतील आहे आणि ते तपशिलाने पाहण्याजोगे आहे. मार्को डीफुनिस या तरुणाने १९७१ मध्ये वॉशिंग्टन विद्यापीठाच्या विधी महाविद्यालयात अर्ज केला. तो याच विद्यापीठाचा पदवीधर होता. सुमारे दीडशे जागांसाठी १६०० अर्ज आले होते आणि काही अल्पसंख्य वंशांच्या उमेदवारांचे अर्ज विद्यापीठ वेगळे काढून तपासत असे. आपल्यापेक्षा कमी गुण असलेल्यांना वंशाच्या आधारावर प्रवेश मिळाला, ही डीफुनिसची तक्रार होती. सिएटलच्या न्यायालयाने त्याच्या बाजूने निर्णय दिला आणि त्याला वर्गात बसवले. तो दुसऱ्या वर्षात असताना, १९७३ मध्ये, राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने हा निर्णय फिरवला. देशाच्या सर्वोच्च न्यायालयातील न्यायमूर्ती डग्लस यांनी त्या निर्णयाला स्थगिती दिली, त्यामुळे त्याचे शिक्षण सुरूच राहिले. फेब्रुवारी १९७४ मध्ये युक्तिवाद झाले तेव्हा तो तिसऱ्या, म्हणजे शेवटच्या, वर्षात होता. निकाल काहीही लागला तरी चालू सत्र त्याला पूर्ण करू देऊ, असे विद्यापीठाच्या वकिलांनी सांगून टाकले.

एप्रिल १९७४ मध्ये न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी जाहीर केले की, आता वादच उरलेला नाही. अवघा देश ज्या प्रश्नाच्या उत्तराची वाट पाहत होता, तो प्रश्न न सोडवताच फाइल मिटली. २६ न्यायमित्रांनी त्या प्रकरणी लेखी निवेदने दिली होती. ती सारी मेहनत कपाटात गेली. न्यायमूर्ती ब्रेनन यांनी भिन्नमत नोंदवताना बजावले की, प्रश्न टाळल्याने तो संपत नाही, तो फिरून या न्यायालयासमोर येणारच. विशेष म्हणजे याच न्यायालयाने एक वर्ष आधी, १९७३ मध्ये, गर्भपाताच्या खटल्यात नेमकी उलट भूमिका घेतली होती. खटला शेवटच्या पायरीला पोहोचण्याआधी गर्भारपणाचे नऊ महिने संपणारच, म्हणून असा वाद निष्फळ मानला तर तो कधीच ऐकला जाणार नाही, असे तेव्हा त्याने म्हटले होते. (तो निकाल २०२२ मध्ये उलटवला गेला, पण वेगळ्या कारणांनी.) नऊ महिन्यांबाबत जे उमगले, ते तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाबाबत बहुमताला उमगले नाही, डीफुनिस पुन्हा प्रवेश मागायला येणार नाही, एवढ्यावर त्याचे समाधान झाले.

ब्रेनन यांचे भाकीत चार वर्षांत खरे ठरले. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील वैद्यकीय महाविद्यालयात १०० पैकी १६ जागा वेगळ्या ठेवल्या जात. १९७३ पासून दोनदा नकार मिळालेला ॲलन बाकी न्यायालयात गेला. त्याला मधल्या काळात वर्गात बसवले गेले नव्हते, म्हणूनच त्याचा खटला जिवंत राहिला आणि १९७८ मध्ये निकाल लागला. राखून ठेवलेल्या १६ जागा रद्द झाल्या आणि बाकी याला प्रवेश मिळाला. वंश हा अनेक निकषांपैकी एक मानण्याची मुभा मात्र कायम राहिली. यातील विपर्यास पाहण्यासारखा आहे. ज्याला अंतरिम दिलासा मिळाला त्याचा प्रश्न अनुत्तरित राहिला, आणि ज्याची पाच वर्षे वाया गेली त्याच्यामुळे देशाला उत्तर मिळाले.

पुढे तेथील वकिलांनी यातून धडा घेतला. टेक्सास विद्यापीठाने २००८ मध्ये नाकारलेली ॲबिगेल फिशर २०१२ मध्ये दुसऱ्या विद्यापीठातून पदवीधरही झाली. पण अर्जासाठी भरलेले शंभर डॉलर परत मिळावेत ही मागणी वकिलांनी सोडली नाही, आणि तेवढ्या रकमेच्या आधारावर वाद अजून शिल्लक आहे असे ते सांगत राहिले. त्या प्रकरणी २०१३ आणि २०१६ असे दोन निकाल आले. त्यानंतर हार्वर्डविरुद्ध २०१४ मध्ये जो दावा झाला, तो एका विद्यार्थ्याने नव्हे, तर नाकारलेल्या विद्यार्थ्यांना सदस्य करून घेणाऱ्या संस्थेने दाखल केला. विद्यार्थी पुढे गेले तरी संस्था जागेवर राहिली आणि २९ जून २०२३ रोजी निकाल लागला. तेथील निकाल योग्य की अयोग्य, आणि आपल्याकडे आरक्षण असावे की नसावे, हा येथे मुद्दा नाही. भारतातील आरक्षणाला राज्यघटनेचा आधार आहे आणि त्यामागील सामाजिक वेदना वेगळी आहे. मुद्दा आहे तो प्रश्नाला उत्तर मिळण्याचा.

डीफुनिसप्रमाणे अंतरिम आदेशावर वर्गात बसलेले विद्यार्थी आपल्याकडेही कमी नाहीत. तात्पुरता प्रवेश, मग पहिल्या वर्षाची परीक्षा, मग 'आता तीन वर्षे झाली, याला बाहेर काढणे अमानुष ठरेल' हा युक्तिवाद. हा मार्ग वकिलांना पाठ आहे. सर्वोच्च न्यायालयाने याविरुद्ध वारंवार कान उपटले आहेत. लखनौ विद्यापीठाच्या प्रकरणात ऐंशीच्या दशकातच त्याने सांगितले की, याचिका दाखल झाली म्हणून सरसकट तात्पुरता प्रवेश देऊ नये. बाजू अगदी पक्की असेल तरच द्यावा. गुरू नानक देव विद्यापीठाच्या प्रकरणात १९९३ मध्ये अस्थानी सहानुभूतीला न्याय समजण्याच्या वृत्तीवर त्याने आणखी कडक शब्दांत टीका केली. तरीही प्रत्यक्ष प्रसंग समोर आला की न्यायाधीशही माणूसच असतो. रडवेला मुलगा आणि हात जोडून उभे असलेले आईवडील पाहून तो आदेश करतो, आणि त्या आदेशामुळे यादीतून खाली घसरलेला दुसरा मुलगा न्यायालयात उपस्थितच नसतो.

महाराष्ट्राने याची सर्वांत मोठी किंमत मोजली ती जात प्रमाणपत्रांच्या बाबतीत. हलबा-कोष्टी प्रकरणात २००० च्या नोव्हेंबरमध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निःसंदिग्ध निर्णय दिला की, कोष्टी समाज अनुसूचित जमातीच्या यादीत मोडत नाही आणि यादीत भर घालण्याचा अधिकार न्यायालयांना नाही. कायद्याचा प्रश्न सुटला. पण ज्या विद्यार्थ्यावरून वाद सुरू झाला त्याने १९८५-८६ मध्ये वैद्यकीय प्रवेश घेतला होता. निकालापर्यंत पंधरा वर्षे उलटली होती आणि तो डॉक्टर होऊन बसला होता. न्यायालयाने त्याची पदवी अबाधित ठेवली. डॉक्टर घडवण्यासाठी समाजाचा पैसा खर्च झालेला आहे, तो वाया घालवू नये, हे त्यामागील तर्कशास्त्र समजण्यासारखे आहे. परंतु १९८५ मध्ये जी जागा गेली, ती गडचिरोलीच्या वा नंदुरबारच्या एखाद्या खऱ्याखुऱ्या वनवासी मुलाची असू शकत होती. त्याच्यापाशी ना वकील होता, ना आपली जागा गेल्याची वार्ता. बैल गेला अन् झोपा केला, ही म्हण येथे पुरी पडत नाही. कारण बैल ज्याचा गेला त्याला गोठ्याची माहितीही नव्हती.

या सवलतीचा पुढे सर्रास आधार घेतला जाऊ लागला. पडताळणी रखडवत न्यायची, अभ्यासक्रम पुरा करायचा आणि मग सहानुभूती मागायची. अखेर जुलै २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा मार्ग बंद केला. जात प्रमाणपत्र पडताळणीचा महाराष्ट्राचा कायदा २००१ च्या ऑक्टोबरपासून लागू आहे, त्यानुसार दावा अवैध ठरला की लाभही जातो, आणि केवळ काळ लोटला म्हणून तो राखता येणार नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले. हा निर्णय योग्यच होता. मात्र त्यामुळे प्रामाणिक अर्जदाराची भीती वाढली आहे. पडताळणी समितीपुढे अर्ज केल्याची पावती दाखवून प्रवेश घ्यायचा आणि समिती कधी निर्णय देईल याची वाट पाहत वर्षे काढायची, ही टांगती तलवार घेऊन शिकणे सोपे नाही. समितीच्या दिरंगाईची शिक्षा विद्यार्थ्याला, हा हिशेब कोणत्या न्यायात बसतो?

शासनाचे वर्तन तर अधिकच शोचनीय. अकरावीच्या प्रवेशांसाठी २००८ मध्ये पर्सेंटाइलचे सूत्र आले, २००९ मध्ये राज्य मंडळाच्या विद्यार्थ्यांना नव्वद टक्के जागा ठेवण्याचे ठरले, २०१० मध्ये 'बेस्ट फाइव्ह' आले. सलग तीन वर्षे तीन नियम आणि तिन्ही उच्च न्यायालयात रद्द. त्यातील शेवटचा सर्वोच्च न्यायालयात वाचला. २०२१ मध्ये अकरावीसाठी सामायिक परीक्षेचा आदेश निघाला आणि परीक्षेला अवघे अकरा दिवस उरले असताना, १० ऑगस्टला, उच्च न्यायालयाने तो रद्द केला. सोळा वर्षांच्या मुलाने अभ्यास कशाचा करायचा हे ठरवण्याचे काम शेवटी न्यायमूर्तींवर पडावे, याची खंत मंत्रालयात कोणाला वाटली असेल असे दिसले नाही.

मराठा आरक्षणाच्या प्रकरणातही तेच. नोव्हेंबर २०१८ मध्ये कायदा झाला, पण पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशांची प्रक्रिया त्याआधीच सुरू झालेली होती. म्हणून नागपूर खंडपीठाने मे २०१९ मध्ये त्या वर्षीच्या प्रवेशांना तो लागू होणार नाही असे सांगितले. जागा मिळालेल्या मराठा विद्यार्थ्यांना आझाद मैदानात बसावे लागले. शासनाने अध्यादेश काढून प्रवेश वाचवले, तेव्हा खुल्या वर्गातील विद्यार्थी न्यायालयात धावले. दोन्हीकडची मुले डॉक्टर झालेली होती, दोन्हीकडच्यांनी नियम पाळले होते आणि दोघांनाही एकमेकांचे वैरी करून सोडण्यात आले. सप्टेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाची स्थगिती येताच अकरावीचे प्रवेश थांबले ते नोव्हेंबरअखेर पुन्हा सुरू झाले. ५ मे २०२१ रोजी कायदा रद्द झाला, पण स्थगितीपूर्वीचे पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेश कायम राहिले. समाजात दुही माजवायला बाहेरचे कोणी लागत नाही. उशिरा काढलेला एक शासननिर्णय पुरतो.

न्यायालय निर्णय देते तेव्हाही अनेकदा तो पुढच्यांसाठी असतो. खासगी विनाअनुदानित महाविद्यालयांवर शासनाचा कोटा लादता येणार नाही, हा इनामदार प्रकरणातील सात न्यायमूर्तींचा निकाल १२ ऑगस्ट २००५ चा. तो पुढील शैक्षणिक वर्षापासून लागू होईल आणि झालेले प्रवेश बिघडवू नयेत, असे त्यातच नमूद होते. केंद्रीय संस्थांतील इतर मागासवर्गीयांच्या २७ टक्के जागांचे उलट झाले. २९ मार्च २००७ ला स्थगिती आली आणि १० एप्रिल २००८ ला हे आरक्षण वैध ठरले. मधली एक तुकडी गेली. त्या तुकडीतील इतर मागासवर्गीय मुलांचा हक्क पुढे मान्य झाला, पण त्यांना त्याचा उपयोग काय?

या अंधारात थोडा प्रकाश दिसला तो १३ डिसेंबर २०१९ च्या निर्णयाने. आंध्र प्रदेशातील एका विद्यार्थिनीचा वैद्यकीय प्रवेश चुकीने नाकारला गेला होता, पण अखेरची तारीख उलटल्याने उच्च न्यायालयाने हात वर केले. २०१४ च्या एका निकालानुसार अशा वेळी फार तर नुकसानभरपाई देता येत होती. सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी ही चौकट बदलली. विद्यार्थ्याचा काडीचाही दोष नसेल आणि तो वेळ न दवडता न्यायालयात आला असेल, तर अपवाद म्हणून अखेरच्या तारखेनंतर एक महिन्यापर्यंत प्रवेश देता येईल. ते शक्य नसेल तर पुढील वर्षी जागा द्यावी, शिवाय भरपाईही देता येईल. गेलेला हक्क पैशाने भरून निघत नाही, हे तत्त्व त्यामुळे मान्य झाले. भरपाई घेऊन कोणी डॉक्टर होत नाही.

आयआयटीच्या दोन प्रकरणांतही न्यायालयाची माणुसकी दिसली. शुल्क भरताना तांत्रिक अडचण आल्याने मुंबईच्या आयआयटीतील जागा गमावलेल्या दलित विद्यार्थ्याला नोव्हेंबर २०२१ मध्ये अधिसंख्य जागा निर्माण करून प्रवेश देण्याचा आदेश झाला. सप्टेंबर २०२४ मध्ये धनबादच्या आयआयटीबाबत तसेच घडले. १७,५०० रुपये जमवता जमवता वेळ काही क्षणांनी हुकलेल्या मजुराच्या मुलाला जागा मिळाली. परंतु हे दोन्ही आदेश घटनेच्या १४२ व्या अनुच्छेदाखालील आहेत. तो अधिकार फक्त दिल्लीतील सर्वोच्च न्यायालयाला आहे. धनबादच्या मुलाने त्याआधी झारखंड आणि मद्रास अशा दोन उच्च न्यायालयांची दारे ठोठावली होती. १७,५०० रुपयांसाठी ज्या घराची दमछाक झाली, त्या घराने तीन न्यायालये चढावीत, ही व्यवस्था म्हणावी तर कशी म्हणावी? जे दिल्लीपर्यंत पोहोचत नाहीत त्यांची गणती कोणीच ठेवत नाही.

तेव्हा काही गोष्टी तातडीने व्हायला हव्यात. प्रवेशाच्या वादात खरा निर्णय अंतरिम टप्प्यावरच होतो, हे मान्य करून उच्च न्यायालयाने जून ते सप्टेंबर या काळात प्रवेशविषयक याचिकांसाठी स्वतंत्र खंडपीठ नेमावे आणि अंतरिम सुनावणीच अंतिम मानून प्रकरण दोन-तीन आठवड्यांत संपवावे. ज्याची जागा जाऊ शकते त्या विद्यार्थ्याला नोटीस मिळाल्याशिवाय तात्पुरता प्रवेश देऊ नये. याचिकाकर्ता पुढे निघून गेला तरी नियमाच्या वैधतेचा प्रश्न तसाच सोडू नये. पालक संघटनांनी आणि विद्यार्थी संघटनांनी अशा याचिकांत स्वतः पक्षकार व्हावे, म्हणजे वाद एका मुलाच्या वयाबरोबर संपणार नाही. महाराष्ट्राच्या २०१५ च्या कायद्याने खासगी व्यावसायिक महाविद्यालयांसाठी प्रवेश नियामक प्राधिकरण दिले आहे. त्याच्याकडे आलेली तक्रार प्रवेशाची पुढील फेरी सुरू होण्यापूर्वी निकाली निघाली, तर निम्मे वाद न्यायालयात जाणारच नाहीत.

राहता राहिले शासन. सरकारी भरतीत प्रक्रिया सुरू झाल्यावर मध्येच निकष बदलता येत नाहीत, असे घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये सांगितले आहे. प्रवेशांना तेच तत्त्व लावण्यासाठी मंत्रालयाने न्यायालयाच्या आदेशाची वाट पाहण्याचे कारण नाही. विधिमंडळाचे अर्थसंकल्पी अधिवेशन मार्चमध्ये चालू असते. पुढील वर्षाची संपूर्ण प्रवेश नियमावली त्याच वेळी सभागृहाच्या पटलावर ठेवली, तर ज्याला आव्हान द्यायचे आहे त्याला जून उजाडण्यापूर्वी पूर्ण दोन महिने मिळतील, आणि न्यायालयालाही.